‘हो मॅडम’ म्हणणारा माणूस दुसऱ्यांदा का येत नाही?

यवतमाळ जिल्ह्यातल्या एका ग्रामीण रुग्णालयात नव्याने रुजू झालेल्या समुपदेशक ताईंनी विचारलं आहे: पुण्यात शिकताना ‘नातं जुळलं की अर्धं काम झालं’ असं ऐकलं होतं. इथे लोक मान देतात, शांतपणे ऐकतात, सांगेन त्याला ‘हो मॅडम’ म्हणतात आणि पुढच्या तारखेला येतच नाहीत. नातं कुठे कमी पडतं? आणि न आलेल्याला फोन करावा का, की त्याचा दबाव होईल?

ताई, तुम्हाला सध्या मिळतोय तो मान आहे. तो खुर्चीचा आहे, सरकारी इमारतीचा आहे, तुमच्या शिक्षणाचा आहे, आणि आपल्या वऱ्हाडात तो आल्या आल्या मिळतो. दारात चप्पल काढून, खुर्चीच्या कडेवर बसून माणूस हळू आवाजात बोलायला लागला की नवीन समुपदेशकाला वाटतं, जमलं. पण ज्याला मान द्यायचा त्याच्यासमोर उलट बोलायचं नाही, हे आपल्याकडे लहानपणापासून अंगवळणी पडलेलं असतं. तलाठ्यासमोर, बँकेच्या साहेबासमोर, कृषी केंद्रवाल्यासमोर माणूस ‘हो’ म्हणून मोकळा होतो आणि घरी जाऊन त्याला जे करायचं तेच करतो. तुमच्या खोलीतही हेच चाललंय. म्हणून माझ्या उत्तराचा सगळा रोख एकाच गोष्टीवर आहे: समोरच्याला तुम्हाला ‘नाही’ म्हणता आलं पाहिजे, आणि म्हटल्यावर आपलं काही बिघडलं नाही हे त्याला दिसलं पाहिजे. त्याला तुमच्याबद्दल विश्वास वाटतो की नाही, हे मी याच एका खुणेवरून ओळखते.

एडवर्ड बॉर्डिन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९७९ साली उपचारातल्या या नात्याची जी मांडणी केली, ती मला अजूनही सगळ्यांत कामाची वाटते. त्यात तीन भाग आहेत. कुठे पोहोचायचं यावर दोघांचं एकमत, तिथे पोहोचण्यासाठी काय करायचं यावर एकमत, आणि दोघांमधला भरवसा. प्रशिक्षणात आपण तिसऱ्या भागात रमतो, कारण मानसशास्त्रज्ञ कार्ल रॉजर्स यांनी सांगितलेला विनाअट स्वीकार आणि सच्चेपणा मनाला लगेच भिडतो. तो हवाच. पण माझ्या अनुभवात ग्रामीण भागातली गळती पहिल्या दोन भागांत होते. माणूस झोप मागायला आलेला असतो आणि आपण त्याला ‘भावना व्यक्त करा’ सांगत असतो. तो विरोध करत नाही. तो फक्त परत येत नाही.

या नात्याचं वजन किती, हे मोजलं गेलं आहे. फ्लुकिगर आणि सहकाऱ्यांनी २०१८ मध्ये २९५ अभ्यास एकत्र करून पाहिले. त्यांत तीस हजारांहून जास्त रुग्ण होते. नात्याचा दर्जा आणि उपचाराचा परिणाम यांचा सहसंबंध सुमारे ०.२८ निघाला. म्हणजे परिणामांतल्या फरकापैकी साधारण ८ टक्के या नात्याशी जोडलेला. कोणाला हा आकडा छोटा वाटेल. पण उपचारपद्धती कोणतीही असली तरी तो टिकून राहतो, आणि आपल्या हातात ज्या थोड्या गोष्टी आहेत त्यांतली ही एक आहे. तुमच्या रुग्णालयात औषधांचा साठा तुमच्या हातात नाही, मानसोपचारतज्ज्ञ कोणत्या दिवशी येणार तेही नाही. हे आहे.

सुरुवात कुठून करायची ते एका प्रसंगातून सांगते. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत. चाळिशीतला एक शेतकरी आला होता, कोरडवाहू कापूस-तुरीवाला. मेव्हण्याने मोटरसायकलवर बसवून आणलेला. बोलत होता मेव्हणाच: “झोपत नाही, वावरात जात नाही, घरी कटकट करते. तुमी याले समजावून सांगा.” तो खाली मान घालून बसलेला. मी विचारलं तेव्हा म्हणाला, “मले काई नाई झालं, यायनंच आनलं.”

इथे दोन रस्ते असतात. मेव्हण्याचं ‘समजावून सांगा’ हे काम स्वीकारलं, तर त्या माणसासाठी मी त्याला बोलणाऱ्या नातेवाइकांच्या रांगेतली आणखी एक झाले. मी त्याला एवढंच विचारलं, “भाऊ, तुमच्या मेव्हण्याने तीन गोष्टी सांगितल्या. त्यातली एकही तुम्हाला पटत नसेल तर तसं म्हणा. एखादी पटत असेल तर तेवढीच सांगा.” बराच वेळ गेला. बाहेर सलाइनच्या स्टँडची चाकं कुरकुरत होती. मग तो म्हणाला, “झोपेचं खरं हाय.” तीन गोष्टींतली एक. आम्ही झोपेपासूनच सुरू केलं: किती वाजता आडवे होता, मध्ये जाग आली की काय करता, पहाटे डोक्यात काय चालू राहतं. कर्ज, दारू, घरातली भांडणं यांपैकी कशालाही मी त्या दिवशी हात लावला नाही. ते सगळं पुढे त्यानेच काढलं, कारण मधल्या काळात त्याची झोप थोडी सुधारली होती आणि मी त्याच्या पुढे धावले नव्हते.

या प्रश्नात मी मुद्दाम ‘नाही’ आधी ठेवलं होतं आणि ‘हो’ नंतर. अशी छोटी व्यवस्था बोलण्यात जागोजागी करता येते. “हे तुम्हाला जमेल ना?” असं विचारलं की उत्तर ‘हो’च येणार. “यातलं तुम्हाला न जमणारं कोणतं?” असं विचारलं की माणूस विचारात पडतो. “समजलं का?” हा प्रश्न तर मी माझ्याबरोबर काम करणाऱ्यांना वापरूच देत नाही. शहरात भेटीच्या शेवटी एक कागद भरून घेण्याची पद्धत आहे: आज मला ऐकून घेतलं का, माझ्या कामाचं बोललो का, अशा चार रेषांवर खूण करायची. आपल्याकडे तो कागद दिला की चारही रेषांवर पूर्ण गुण पडतात. त्याऐवजी मी विचारते, “आज आपण जे बोललो त्यातलं घरी गेल्यावर बिनकामाचं ठरेल असं काय?” पहिल्यांदा लोक हसतात. दुसऱ्यांदा उत्तर देतात.

लोकांना मानसिक त्रासासाठी मदतच नको असते, असं मात्र समजू नका. अमरावती जिल्ह्यातल्या ३० गावांत झालेल्या ‘विश्राम’ प्रकल्पाचे निष्कर्ष २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले. नैराश्य असलेल्यांपैकी मदत घेणाऱ्यांचं प्रमाण तिथे ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेलं. गावपातळीवरच्या कार्यकर्त्यांनी लोकांच्या त्रासाबद्दल लोकांच्याच शब्दांत बोलायला सुरुवात केली, हे त्या कामाचं मोठं अंग होतं. तुमच्याकडे येणारा माणूस ‘नैराश्य’ म्हणणार नाही. तो म्हणेल, जीव घाबरते, डोकं जड रायते, हातपाय गळून जाते, मन नाई लागत. हेच शब्द तुमच्या नोंदीत लिहा आणि पुढच्या भेटीत तेच परत वापरा. मात्र वऱ्हाडी येत नसेल तर ओढूनताणून बोलू नका. लोकांना ते लगेच कळतं आणि कानाला बोचतं. तुमच्या मराठीत बोला, शब्द अडला तर विचारा.

आता तुम्ही नेमक्या कोण आहात, याबद्दल. मला वाटतं नातं बिघडण्याचं सगळ्यांत दुर्लक्षित कारण हे आहे. ज्या घरात शेतकरी आत्महत्या झाली त्या घरातली बाई तुमच्यासमोर बसते तेव्हा तिच्या मागे काय झालेलं असतं ते डोळ्यांसमोर आणा. पोलीस येऊन गेले, तलाठी पंचनामा करून गेला, सातबारा मागितला गेला, कर्जाची थकबाकी विचारली गेली. सरकारची एक लाखाची मदत मिळण्यासाठी प्रकरण ‘पात्र’ ठरावं लागतं, आणि ते जिल्हास्तरावरची समिती ठरवते. दारू प्यायचे का, घरात भांडण होतं का, आजार होता का, हे प्रश्न तिने आधी ऐकलेले आहेत. प्रत्येक वेळी चुकीच्या उत्तराने प्रकरण ‘अपात्र’ होऊ शकतं, हे तिला कोणीतरी सांगितलेलं आहे. आता तुम्ही वही उघडून तेच विचारता. ती गप्प बसली तर त्यात तिचा काय दोष?

अशा वेळी वही बंद करा. सरळ सांगा, “मावशी, मी तहसीलची नाही. तुमच्या फाइलशी माझा संबंध नाही. तुम्ही मला काय सांगितलं ते त्या फाइलमध्ये जात नाही. पैसे मिळवून देणंही माझ्या हातात नाही.” शेवटचं वाक्य जड वाटतं, पण तेच सगळ्यांत महत्त्वाचं. मदतीची आशा धरून ती तुमच्याशी गोड बोलत राहिली आणि चार महिन्यांनी तिला कळलं की तुमच्याकडून काही मिळणार नव्हतं, तर पुढे येणाऱ्या प्रत्येक समुपदेशकासाठी ते दार बंद होतं. संजय गांधी निराधार योजनेचा अर्ज कुठे मिळतो, हे तुम्हाला माहीत असेल तर जरूर सांगा. समोरच्या माणसाच्या गरजेकडे पाठ करून मनाचं काम होत नाही. फक्त तुमची ओळख स्पष्ट ठेवा.

गुप्ततेचंही असंच. मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७ च्या कलम २३ ने रुग्णाला गुप्ततेचा हक्क दिला आहे, पण खोलीला दार नसेल तर कलम काय करणार? जागा मिळवण्यासाठी भांडा. लसीकरण नसेल त्या दिवशी लसीकरणाची खोली मागा. तीही नसेल तर रुग्णालयाच्या आवारात झाडाखाली, लोकांना दिसेल पण ऐकू येणार नाही अशा जागी बसा. बाईमाणसासाठी तर अशी उघडी जागा कधीकधी बंद खोलीपेक्षा सोयीची पडते, कारण आत काय चाललंय म्हणून घरचे अस्वस्थ होत नाहीत. पाटीवर ‘मनोविकार’ असेल तर शेजारी दुसरी साधी पाटी लावून घ्या. आणि पुढची तारीख आठवडी बाजाराच्या दिवशी द्या. त्या दिवशी तालुक्याला का गेला होता, हे कोणी विचारत नाही.

सुनेबरोबर सासू आली असेल तर तिला दारातूनच परतवू नका. आधी दहा मिनिटं तिच्याशी बोला. तिचे गुडघे, तिची काळजी, तिच्या दृष्टीने सुनेला काय होतंय, हे सगळं ऐका. मग म्हणा, “आता माझ्या पद्धतीप्रमाणे मी प्रत्येकाशी थोडं एकटं बोलते. तुमच्याशी झालं, आता हिच्याशी.” नियम सगळ्यांना सारखा आहे म्हटलं की सुनेवर संशय येत नाही. सुनेला पहिल्याच मिनिटात सांगा की ती सांगेल ते सासूपर्यंत जाणार नाही. आणि न जाणाऱ्या गोष्टींबरोबर जाणाऱ्या गोष्टीही त्याच वेळी सांगा: जिवाला धोका असेल तर मला कोणाला तरी सांगावं लागेल. १८ वर्षांखालच्या मुलामुलीवर लैंगिक अत्याचार झाल्याचं कळलं तर २०१२ च्या पोक्सो कायद्याप्रमाणे कळवणं मला बंधनकारक आहे. हे आधी सांगितल्याने लोक बोलत नाहीत, असा एक समज आहे. मला उलट अनुभव येतो. मर्यादा आधी सांगणाऱ्या माणसाच्या बाकीच्या शब्दांवर लोक भरवसा ठेवतात.

काम ठरवण्याकडे वळू. पुस्तकात लिहिलेलं असतं, रोज अर्धा तास स्वतःसाठी काढा, फिरायला जा. दिवाळीनंतर वेचणी जोरात असते, बाई किलोच्या हिशेबाने कापूस वेचत असते, पहाटे उठून स्वयंपाक करून वावरात जाते. तिला अर्धा तास फिरायला सांगितलंत तर ती ‘हो मॅडम’ म्हणेल. त्याऐवजी तिचा कालचा दिवस तिच्याकडून सकाळपासून रात्रीपर्यंत ऐका. त्यात कुठे जरा बरं वाटलं, हे शोधा. माझ्याकडे येणाऱ्या एकीला संध्याकाळी शेजारणीच्या ओट्यावर बसून डाळ निवडताना बरं वाटायचं. घरात वाद झाल्यापासून ते बंद झालं होतं. तिचं आठवड्याचं काम एवढंच ठरलं: दोन संध्याकाळी निवडायची डाळ सुपात घेऊन ओट्यावर जायचं. ते तिनेच सुचवलं. दोनदा जमलं नाही तर एकदा, आणि एकदाही नाही जमलं तरी न लाजता यायचं, हेही ठरलं. हे शेवटचं वाक्य विसरू नका. दिलेलं काम झालं नाही म्हणून मास्तरांसमोर जायला घाबरणारं पोर जसं शाळा बुडवतं, तसे कितीतरी रुग्ण आपल्याकडे येणं बंद करतात.

शेतीचं वेळापत्रक भिंतीवर लावा. मृगात पेरणी, मग निंदण-डवरण, ऑक्टोबरात सोयाबीनची काढणी, पुढे वेचणी. या काळात गैरहजेरी वाढते आणि तिचा तुमच्याशी काही संबंध नसतो. आलेल्या माणसाची त्या दिवसाची मजुरी बुडालेली असते, हे बोलून दाखवा. अनेकांची तर एकच भेट होणार, असंच धरून चाला. मोशे टॅलमन यांनी १९९० मध्ये एका भेटीच्या उपचारावर पुस्तक लिहिलं, त्याचा मूळ मुद्दा असाच होता की बरेच लोक एकदाच येतात आणि ती एक भेट स्वतंत्रपणे उपयोगी करता येते. म्हणून पहिली भेट नुसती माहिती गोळा करण्यात घालवू नका. माणूस एसटीत बसेल तेव्हा त्याच्या हाती काहीतरी लागलेलं असावं.

आता ज्या वाक्याला नवीन समुपदेशक सगळ्यांत जास्त घाबरतात त्याबद्दल. कधीतरी कोणीतरी तुम्हाला म्हणेल, “तुमच्या बोलन्यानं काय होते? तुमी कापसाचा भाव देनार काय?” खोलीत एकदम शांतता होते. मला विचाराल तर त्या दिवशी खरं काम सुरू होतं. हा माणूस तुम्हाला ‘हो मॅडम’ म्हणायचं थांबलाय. त्याच्यात हे बोलण्याचं धैर्य आलं, त्यात तुमच्या वागण्याचाही वाटा आहे. इथे स्वतःचा बचाव करू नका, समुपदेशनाचे फायदे सांगू नका आणि ‘तुमचा राग मी समजू शकते’ असलं पुस्तकी वाक्यही टाकू नका. मी साधारण असं बोलते: “नाही देऊ शकत. भाव, पाऊस, बोंडअळी, बँक, यातलं काही माझ्या हातात नाही. माझ्याशी बोलून कर्ज कमी होणार नाही.” मग थांबते. तो काहीतरी म्हणतो, बहुतेक वेळा आणखी रागाने. ते पूर्ण ऐकते. नंतर विचारते, “हे सगळं डोक्यावर असताना रात्र कशी काढता?” काही जण त्या प्रश्नाला उत्तर देतात. काही जण उठून जातात. उठून गेलेल्यांतलेही काही परत येतात, कारण खोटी आशा न दाखवणारं माणूस त्यांना फारसं भेटलेलं नसतं.

त्याचा राग खरा आहे आणि त्याचं कारणही खरं आहे, हे मनापासून मानल्याशिवाय हे बोलणं जमत नाही. जे संकट बाजारातून आणि आभाळातून आलंय ते त्याच्या विचारपद्धतीतला दोष म्हणून त्याला परत विकू नका. विदर्भात काम करणाऱ्याने ही एक गोष्ट तरी पाळलीच पाहिजे, असं माझं ठाम मत आहे.

जेरेमी साफ्रान आणि ख्रिस्तोफर म्युरन यांनी नात्यातल्या तड्यांचे दोन प्रकार सांगितले आहेत: अंगावर येणं आणि आत मिटून जाणं. कापसाच्या भावाचा तो प्रश्न पहिल्यातला. पण आपल्याकडचे बहुतेक तडे दुसऱ्या प्रकारचे असतात आणि त्यांचा आवाज होत नाही. ‘हो’ जरा लवकर लवकर यायला लागतो. माणूस दाराकडे बघतो, एसटीची वेळ विचारतो. “गोळी द्या न मॅडम,” म्हणतो. पुढच्या वेळी पोराला गोळ्या न्यायला पाठवतो. हे दिसलं की त्याच भेटीत बोला, पुढच्या भेटीची खात्री नसते. “मघाशी मी दारूचं विचारलं, त्यानंतर तुम्ही कमी बोललात असं मला वाटलं. मी घाई केली का?” तो ‘नाई नाई’ म्हणेल. म्हणू द्या. तुम्हाला ते दिसलं आणि तुम्ही चिडला नाहीत, एवढं त्याच्यापर्यंत पोहोचलं तरी पुरे.

फोनचं आता सांगते. फोन करा, पण परवानगी पहिल्याच भेटीत घेऊन ठेवा. नंबर कोणाचा, उचलतं कोण, मी काय नाव सांगू, कोणत्या वेळी करू. गावात फोन बहुतेक पोराच्या हातात असतो. ‘रुग्णालयातून समुपदेशक बोलतेय’ हे वाक्य चुलतभावाने ऐकलं की संध्याकाळपर्यंत पारावर पोहोचतं. परवानगी असेल तर एकदा फोन करा, दोन मिनिटांत संपवा, आणि ‘का आला नाहीत’ विचारू नका. “तुमची आठवण होती म्हणून फोन केला. यायचं नसेल तर तेही चालेल. यायचं असेल तर बुधवारी मी आहे.” दुसरा फोन जिवाच्या धोक्याची शंका असेल तरच. परवानगी घेतली नसेल तर आशाताईला घरी पाठवण्याचा मोह टाळा. त्या उत्तम काम करतात, पण त्या त्याच गावच्या सुना आहेत, आणि त्यांना काय कळावं हे ठरवण्याचा हक्क रुग्णाचा आहे.

नात्यांच्या हाकांबद्दल फार डोकं खपवू नका. भाऊ, काका, मावशी, बाई म्हणा, तुम्हाला ताई म्हणू द्या. पण ‘तुमचं आडनाव काय, गाव कोनतं?’ हा प्रश्न येईल तेव्हा तो काय शोधतोय हे ओळखून असा. जात आणि सोयरीक, दोन्ही. प्रश्न विचारला म्हणून दुखावू नका, सरळ उत्तर द्या. आणि घरभेटीला जाल तेव्हा पाणी प्या, चहा प्या, विशेषतः बौद्ध वस्तीत, तांड्यावर, कोलामांच्या पोडावर. कोणाच्या घरचं पाणी तुम्ही घेतलं आणि कोणाकडे ‘आत्ताच झालं’ म्हणालात, हे अख्खं गाव बघतं. तिथे तुमचं खरं धोरण ठरतं. खोलीतल्या समान वागणुकीला त्यानंतरच किंमत येते.

हुरडा, आंबाडीची भाजी, मूठभर तूर कोणी आणली तर घ्या, सगळ्यांत वाटून टाका. परत केल्याने इथे अपमान होतो. मात्र तब्येत जसजशी बिघडतेय तसतशी भेट मोठी होत असेल, तर त्यावर बोलायला हवं. तो माणूस बहुधा भेट देऊन तुमची नाराजी टाळायला बघतोय. गावात, एसटी स्टँडवर, लग्नात भेट झाली तर कोणी आधी बोलायचं, हेही ठरवून ठेवा. माझा नियम साधा आहे, रुग्ण बोलला तरच मी बोलते.

‘बाहेरचं आहे’, ‘करणी केली’ असं कोणी म्हणालं तर पहिल्या भेटीत वाद नको, आणि मलाही पटतं असं खोटंही नको. कोणाकडे गेला होता, काय सांगितलं, किती खर्च झाला, जरा बरं वाटलं का, हे विचारा. अंगारा चालू ठेवायचा असेल तर ठेवू द्या, गोळी बंद होऊ देऊ नका. मारहाण किंवा उपाशी ठेवणं चालू असेल तर मात्र गप्प बसायचं नाही. मेळघाटात कोरकू किंवा यवतमाळकडे कोलाम कुटुंब आलं आणि भाषा अडली तर त्यांच्या शाळकरी पोराला दुभाषी बनवू नका. आईचं दुःख त्या पोराच्या तोंडून वदवून घेणं दोघांवरही अन्याय आहे. भाषा जाणणारी एखादी मोठी बाई शोधा, तिलाही गुप्ततेचं बजावून सांगा.

मरण्याच्या विचारांबद्दल थेट विचारा. विचारल्याने तो विचार डोक्यात शिरत नाही. गोल गोल बोललात तर माणूस तुम्हालाच सांभाळत बसतो. फवारणीचं औषध घरात कुठे ठेवलंय, हे विचारणं आपल्या भागात नेहमीचं असलं पाहिजे. ते हलवायचं ठरलं तर कोणाच्या ताब्यात द्यायचं, हे त्यालाच निवडू द्या. घरच्यांना सांगावं लागणार असेल तर ‘सांगू का?’ असं विचारू नका, कारण तिथे तुम्ही ‘नाही’ मानणार नसता. “सांगावं लागेल. कोणाला सांगू, आणि तुमच्यासमोर सांगू की मागे?” एवढी निवड त्याची राहू द्या. पोलीस केसची भीती असेल तर सांगा की २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याच्या कलम ११५ प्रमाणे आत्महत्येचा प्रयत्न करणारा माणूस तीव्र ताणाखाली होता असंच धरलं जातं, वेगळं सिद्ध झालं नाही तर त्याला शिक्षा होत नाही, आणि त्याची काळजी घेणं ही सरकारची जबाबदारी आहे. टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर कागदावर लिहून द्या. ऑक्टोबर २०२२ पासून तो दिवसरात्र मोफत चालू आहे आणि त्यावर मराठीत बोलता येतं.

शेवटी तुमच्या स्वतःच्या जाण्याबद्दल. तुमचं पद कंत्राटी असेल तर कंत्राट कधी संपतं हे तुमच्या रुग्णांना माहीत असू द्या. नूतनीकरण होईल या आशेवर शेवटच्या आठवड्यापर्यंत थांबू नका. दोन महिने आधी विषय काढा: मी कदाचित नसेन, तेव्हा तुम्हाला काय हवं असेल, नवीन व्यक्तीला तुमच्याबद्दल मी काय सांगू आणि काय सांगू नको. हे उत्तर त्यांच्या शब्दांत फाइलमध्ये लिहा आणि त्यांना वाचून दाखवा. जमलं तर नवीन समुपदेशकाशी एक भेट तिघांनी एकत्र बसून करा. तीत तुम्ही कमी बोला, रुग्णालाच स्वतःची ओळख करून देऊ द्या. आणि एखादा रुग्ण म्हणाला की मला नवीन माणूस नको, मी आता येणार नाही, तर त्याची समजूत घालत बसू नका. वेळापत्रक आणि नंबर त्याच्या हातात द्या, आणि त्याने नकार दिला आहे, तरी पुढे कधीही आला तर त्याला लगेच बसवून घ्यावं, असं त्याच्या फाइलच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा.